योको ओनो लेननच्या आधीही होतीच

या चर्चेत कुणीतरी लिहिलंय की जपानी कलाकार योको ओनोला नाव मिळालं ते ‘बीटल्स’वाल्या नवऱ्यामुळे, जॉन लेननमुळे, बाकी अंगावरचे कपडे कापून घेणं ही निव्वळ चमकोगिरी. मला हे अजिबात पटलं नाही. लेननशी तिची गाठ पडली १९६६ मध्ये, लंडनला. ‘कट पीस’ हे कपडे कापून घेण्याचं सादरीकरण तिनं त्याआधीच, १९६४ साली क्योटोत केलं होतं. मंचावर गुडघे दुमडून बसलेली ती, पुढ्यात कात्री. प्रेक्षकांनी एकेक करून यायचं, तिच्या कपड्याचा तुकडा कापून न्यायचा. ती गप्प. सगळं नाट्य कात्री धरणाऱ्या हातात! सत्तराव्या वर्षी, २००३ मध्ये पॅरिसला तिनं ते पुन्हा केलं. चमकोगिरी एवढी टिकत नाही हो.

तिच्या लिखाणाबद्दल तर इथे कुणी बोललंच नाही. ‘ग्रेपफ्रूट’ तिनं त्याच १९६४ साली स्वतः काढलं, ५०० प्रती. पुस्तकभर छोट्या छोट्या सूचना. त्यातली १९५५ची एक: काडी पेटवा आणि विझेपर्यंत बघत राहा. मे महिन्यात इथे नागपूरच्या महाल भागातल्या घरी लाइट गेली तेव्हा मी करून पाहिली. काडी काळी पडत वाकते, ज्योत बोटांपाशी येऊन निळी होते. इतकी वर्षं देवापुढे काडी ओढतो, पण हे कधी पाहिलंच नव्हतं.

प्रेक्षकानंच असं सामील होणं आपल्या नागपूरकरांना परकं वाटायला नको खरं तर. तान्ह्या पोळ्याला मारबत, म्हणजे इडापिडा घेऊन जाणारा मोठा पुतळा, मिरवणुकीनं निघते, तेव्हा ‘घेऊन जा गे मारबत’ ओरडणारा नुसता प्रेक्षक असतो का?