फायनान्सच्या प्राध्यापकाने डीन व्हावं का, आणि कधी?

(चार जणांची चर्चा; ताळेबंद, कर्जरोखा, तिसरा परीक्षक आणि मानांकन ही त्यांची टोपणनावं.)

ताळेबंद
चर्चेसाठी माझं मत मांडतो. फायनान्सच्या प्राध्यापकाने संशोधन ऐन भरात असताना बिझनेस स्कूलचं डीनपद, म्हणजे प्रमुखपद, घेऊ नये. ही बढती नाही, हा धंदाच वेगळा आहे. 'जर्नल ऑफ फायनान्स', 'जर्नल ऑफ फायनान्शियल इकॉनॉमिक्स' किंवा 'रिव्ह्यू ऑफ फायनान्शियल स्टडीज' या आघाडीच्या नियतकालिकांत लेख यायचा तर कल्पना सुचण्यापासून छापून येईपर्यंत चार-पाच वर्षं सहज जातात. डेटा साफ करणं, सेमिनारमध्ये मांडणं, परीक्षकांच्या दोन-तीन फेऱ्या. डीनची एक मुदतही साधारण तेवढीच. म्हणजे अख्खं एक चक्र गेलं, आणि हाताखालचे पीएचडीचे विद्यार्थी दुसऱ्या मार्गदर्शकाकडे गेले ते वेगळंच.

रॉबर्ट हमादा यांचा क्रम मला योग्य वाटतो. कर्जामुळे शेअरचा बीटा (बाजाराच्या चढउताराबरोबर शेअर किती हलतो, त्याचं माप) किती वाढतो, ते दाखवणारा त्यांचा लेख १९७२चा. शिकागोच्या बिझनेस स्कूलचे ते डीन झाले १९९३मध्ये आणि २००१पर्यंत राहिले. आधी वीस वर्षं विषयाला दिली, मग संस्थेला.

कर्जरोखा
असहमत. एका उदाहरणावरून नियम होत नाही. रिचर्ड लायन्स यांचा मार्टिन इव्हान्ससोबतचा लेख (परकीय चलनाच्या दरामागे खरेदी-विक्रीच्या ऑर्डरचा ओघ कसा असतो, यावरचा) २००२चा आणि ते बर्कली विद्यापीठाच्या हास बिझनेस स्कूलचे डीन झाले २००८मध्ये. मधलं अंतर सहा वर्षांचं, त्यातही जवळपास दोन वर्षं ते गोल्डमन सॅक्स या बँकेत होते. डीनपद त्यांनी २०१८पर्यंत सांभाळलं आणि २०२४मध्ये त्याच विद्यापीठाचे चॅन्सलर, म्हणजे प्रमुख, झाले.

आणि डीनसमोरचे निम्मे प्रश्न फायनान्सचेच असतात. समजा, देणगीदार म्हणतो, २० लाख डॉलर देतो, प्राध्यापकपदाला माझं नाव द्या. एंडोमेंटमधून, म्हणजे देणगीच्या कायम निधीतून, वर्षाला ४.५ टक्के खर्चायची मुभा असेल तर त्या पदासाठी हाती येतात ९० हजार. अमेरिकेतल्या मोठ्या संशोधन स्कूलमध्ये फायनान्सच्या नव्या असिस्टंट प्रोफेसरचा पगारच याच्या दुपटीच्या पुढे असतो. वरचा सगळा खर्च स्कूलच्या चालू बजेटवर, नाव मात्र कायमचं गेलं. त्यात ती देणगी पाच हप्त्यांत येणार असेल तर पहिल्या वर्षी हाती फक्त १८ हजार. इमारतीचंही तसंच. बांधकामाला पैसा मिळतो, पण ती नव्याने बांधायला जेवढे लागतील त्याच्या २ ते ४ टक्के रक्कम दरवर्षी देखभालीला लागते, ती कोणी देत नाही. हे गणित ज्याला चटकन दिसतं असा माणूस त्या खुर्चीत हवा.

तिसरा परीक्षक
कर्जरोखा, हे गणित चांगला अकाउंटंटही करून देईल. डीनचं खरं काम आहे ९० हजारांवर खूश असलेल्या देणगीदाराला दुखावल्याशिवाय "रक्कम दुप्पट करा" असं पटवणं. ते फायनान्सच्या पीएचडीत कोणी शिकवत नाही.

फायनान्सवाल्याची एक खास अडचणही आहे. बाजारभावामुळे त्याच्या विभागातला नवखा माणूस बाकी विभागांतल्या ज्येष्ठांपेक्षा जास्त पगारावर येतो. डीन त्याच विभागाचा असला की प्रत्येक नेमणुकीत पक्षपाताचा वास येतो. उपाय एकच: बाहेरून ऑफर आलेल्याला थांबवण्यासाठी पगार किती वाढवायचा, हा निर्णय पहिल्या महिन्यातच सर्व विभागांच्या समितीकडे सोपवावा. वर्षभर थांबलात तर विश्वास गेलेला असतो.

मानांकन
मला भीती वेगळीच आहे. आकड्यांवर हुकमत म्हणजे आकड्यांशी प्रामाणिकपणा नव्हे. अमेरिकेतल्या टेंपल विद्यापीठाच्या फॉक्स बिझनेस स्कूलचे तेव्हाचे डीन मोशे पोराट जोखीम आणि विमा या विषयातले, म्हणजे आपल्याच घरातले. ऑनलाइन एमबीएला आलेल्या सगळ्यांनी जीमॅट ही प्रवेशपरीक्षा दिली असं मानांकन ठरवणाऱ्यांना कळवलं जात होतं, प्रत्यक्षात दिली होती सुमारे २० टक्क्यांनी. अभ्यासक्रम मानांकनाच्या यादीत पहिला येत राहिला, २०१८मध्ये प्रकार उघडकीला आला आणि २०२२मध्ये पोराट यांना १४ महिन्यांचा तुरुंगवास आणि अडीच लाख डॉलरचा दंड झाला. मानांकनाला जाणारी आकडेवारी प्रवेश आणि जाहिरात विभागांच्या हाती ठेवू नये. ती विद्यापीठाच्या अंतर्गत लेखापरीक्षकाने तपासावी आणि त्याने थेट कुलगुरूंना अहवाल द्यावा.

ताळेबंद
मानांकन, मान्य. कर्जरोखा यांना मात्र उत्तर देतो. लायन्स बर्कलीचे चॅन्सलर झाले, म्हणजे ते संशोधनाकडे परतलेच नाहीत! ज्याला परतायचं आहे त्याचं काय? संशोधनाचं तंत्र थांबत नाही. वेगवेगळ्या राज्यांत वेगवेगळ्या वर्षी लागू झालेल्या कायद्यांचा परिणाम 'डिफरन्स-इन-डिफरन्सेस'ने (कायदा लागू झालेल्या आणि न झालेल्या राज्यांतल्या बदलांची तुलना करून) मोजायची जुनी पद्धत २०१८ ते २०२१च्या दरम्यान पार मोडीत निघाली. परिणाम काळानुसार बदलत असेल तर जुन्या रिग्रेशनमध्ये (संख्याशास्त्रीय गणितात) कायदा आधी लागू झालेली राज्यंच नंतरच्या राज्यांसाठी तुलनेला धरली जातात आणि उत्तराचं चिन्हही उलटू शकतं. त्या वर्षांत डीनच्या खुर्चीत असलेल्याने परत येऊन जुन्याच पद्धतीने लेख पाठवला तर तो पहिल्या फेरीतच परत येईल.

कर्जरोखा
हा मुद्दा भक्कम आहे. तरी त्यावर पद नाकारण्याची गरज नाही, नेमणुकीचं पत्र नीट लिहून घ्यायची आहे. कायम प्राध्यापक म्हणून विभागात परतण्याचा हक्क, डीनच्या पगारावर एक वर्षाची अभ्यासरजा, डेटाच्या वर्गणीसाठी वेगळा निधी आणि सहमार्गदर्शक म्हणून किमान एक पीएचडी विद्यार्थी. तोंडी आश्वासन चालणार नाही, कारण शब्द देणारे प्रोव्होस्ट (डीनचे वरिष्ठ, विद्यापीठाचे शैक्षणिक प्रमुख) तुमच्या आधी बदलून जाऊ शकतात.

सही करण्याआधी तीन वर्षांचे प्रत्यक्ष जमाखर्च मागा, अंदाजपत्रकं नकोत. त्यात तीन गोष्टी बघा: विद्यापीठ फीमधला किती वाटा कापून घेतं, शिष्यवृत्त्या वजा जाता दर विद्यार्थ्यामागे खरी फी किती उरते आणि शिल्लक रकमेतली किती कुठेही खर्च करता येते. जाहीर फी वाढतेय आणि उरणारी घटतेय असं दिसलं तर पूर्णवेळ एमबीए बहुधा नोकरदार अधिकाऱ्यांसाठीच्या एक्झिक्युटिव्ह कोर्सच्या पैशावर तगून आहे.

तिसरा परीक्षक
त्या यादीत मान्यतेचं वेळापत्रक घाला. बिझनेस स्कूलना मान्यता देणाऱ्या एएसीएसबी या संस्थेची फेरतपासणी ठरावीक वर्षांनी येते आणि साधारण ४० टक्के प्राध्यापकबळ संशोधन चालू असलेल्यांचं असावं लागतं. खर्च वाचवायला आधीच्या डीनने बँकांतून निवृत्त झालेली मंडळी फायनान्स शिकवायला भरली असतील तर तो आकडा घसरतो. एक प्राध्यापक शोधून रुजू करून घ्यायला वर्ष जातं. तपासणी दोन वर्षांवर असेल तर नव्या नेमणुकांना मंजुरी तुमच्या नेमणुकीच्या पत्रातच हवी.