मदत हवी आहे: ताईच्या फोनचे रेकॉर्ड नवरा कोर्टातून मागवू शकतो का? (बेळगाव)

खानापूरकर
तातडीनं माहिती हवी आहे. ताईच्या नवऱ्यानं बेळगावच्या फॅमिली कोर्टात अर्ज टाकलाय, तिच्या मोबाईलचे रेकॉर्ड कंपनीकडून मागवा म्हणून. तिच्या शाळेतल्या एका शिक्षकाचेही मागितलेत. तारीख तोंडावर आलीय आणि आमचे वकील नुसतं 'बघूया' म्हणतात. त्या नंबरवरून ती आईशी बोलते, डॉक्टरांशी बोलते. ते सगळं भर कोर्टात वाचणार काय? थांबवता येतं का, एवढंच सांगा.

टिळकवाडी
आता नाही थांबवता येत. 14 जुलै 2025 ला सुप्रीम कोर्टानं निकाल दिलाय. नवरा-बायकोनं एकमेकांचं चोरून केलेलं रेकॉर्डिंगसुद्धा घटस्फोटाच्या दाव्यात पुरावा म्हणून चालतं. मिटवून टाका, उगाच कोर्टाच्या पायऱ्या झिजवू नका.

मलप्रभाकाठ
टिळकवाडी, त्यांनी काय विचारलंय ते आधी वाचा की ओ. तो निकाल नवरा-बायकोच्या आपसातल्या बोलण्याचा आहे. बठिंड्याचा दावा होता, पंजाब-हरियाणा हायकोर्टानं 2021 मध्ये ते रेकॉर्डिंग नाकारलं होतं, ते सुप्रीम कोर्टानं फिरवलं.
खानापूरकर, नवऱ्याला नक्की काय पाहिजे? बोलण्याचं रेकॉर्डिंग, की कुणाला कधी फोन केला त्याची यादी? आणि दावा कुणाचा?

खानापूरकर
यादी. टॉवर कुठला होता तेही. दावा त्याचाच.

निपाणीची_लेक
पोटगीचा अर्ज केलाय का? तो पहिला करा. निकाल लागेपर्यंत अंतरिम पोटगी मिळते. माझ्या चुलत बहिणीनं उशीर केला आणि मधल्या काळात तिचे फार हाल झाले.

खानापूरकर
तिला नोकरी आहे, पोटगीचा प्रश्नच नाही. फोनचं बोला.

गडहिंग्लजकर
केस महाराष्ट्रात आणा. तिकडं नोटीस कन्नडमध्ये येते, निम्मं कळतच नाही माणसाला.

मलप्रभाकाठ
एका राज्यातला दावा दुसऱ्या राज्यात हलवायला सुप्रीम कोर्टात जावं लागतं, दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम 25. आणि ताई राहते खानापुरात, महाराष्ट्रात न्यायचं कारण काय सांगणार?

गडहिंग्लजकर
कारण भाषा! सीमाभागातल्या माणसानं आपल्या विरुद्धचा कागद दुसऱ्याकडून वाचून घ्यायचा, हे किती वर्षं चालायचं?

टिळकवाडी
त्याला वेगळा धागा काढा. इथं एका बाईचा संसार मोडतोय.

कित्तूररोड
अर्ज-बिर्ज सोडा. पुण्यात डिटेक्टिव्ह असतात, ते नवऱ्याचेच कॉल डिटेल्स काढून देतात. त्याचं काही सापडलं की आपोआप गप्प बसेल.

मलप्रभाकाठ
कृपा करून असले सल्ले देऊ नका. असे रेकॉर्ड काढून विकल्याबद्दल 2018 मध्ये ठाणे पोलिसांनी खाजगी गुप्तहेरांना अटक केली होती. ताईचा भाऊच आत जायचा.

खानापूरकर, आता तुमच्या कामाचं. शिक्षकाच्या बाबतीत आपल्याच कर्नाटक हायकोर्टाचा 2022 चा निकाल आहे, न्यायमूर्ती नागप्रसन्न यांचा. बायकोचे संबंध सिद्ध करायला नवऱ्यानं तिसऱ्याच माणसाचे टॉवर डिटेल्स मागितले होते. फॅमिली कोर्टानं मंजूर केलं, हायकोर्टानं रद्द केलं. नवऱ्याला आरोप सिद्ध करायचाय म्हणून तिऱ्हाइताच्या खाजगी आयुष्यात शिरता येणार नाही, असा त्याचा अर्थ. वकिलांना हा निकाल आजच दाखवा.

ताईच्या स्वतःच्या यादीचं एवढं सोपं नाही. फॅमिली कोर्ट कायद्याच्या कलम 14 खाली न्यायाधीश एरवी न चालणारा पुरावाही घेऊ शकतात. म्हणून नुसता 'नको' म्हणून भागायचं नाही. कुठल्या तारखेपासून कुठल्या तारखेपर्यंत आणि कुठल्या आरोपासाठी, ते त्यानं सांगावं, असं लेखी म्हणणं द्या. कंपन्यांवर हे रेकॉर्ड किमान 2 वर्षं ठेवायचं बंधन आहे, त्यामागचं मिळेलच असं नाही. आणि भर कोर्टात वाचलं जाईल ही भीती असेल तर कलम 11 खाली बंद दाराआड सुनावणी मागा. एका बाजूनं मागितली तरी ती द्यावी लागते.

टिळकवाडी
पण कंपनीचा कागद नुसता आणून चालत नाही. भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम 63 चं प्रमाणपत्र लागतं, म्हणजे हा इलेक्ट्रॉनिक रेकॉर्ड कसा निघाला याचा सही केलेला दाखला. जुन्या कायद्यात ते 65ब होतं.

मलप्रभाकाठ
बरोबर. तो आक्षेपही लिहून ठेवा. खानापूरकर, सिम कुणाच्या नावावर आहे? शिक्षकाला दाव्यात पक्षकार केलंय का?

खानापूरकर
शिक्षक पक्षकार नाही. सिम लग्नानंतर त्यानंच घेऊन दिलेलं, त्याच्याच नावावर आहे. त्यानं काय फरक पडतो?

निपाणीची_लेक
अगं बाई! हे पहिल्यांदा सांगायचं ना भावा.

मलप्रभाकाठ
खूप फरक पडतो. ज्याच्या नावावर सिम, त्याला कंपनी बिलाचा तपशील देते. म्हणजे काही यादी त्याच्या हातात आधीच असू शकते. ताईनं स्वतःच्या आधारवर नवं सिम घ्यावं आणि बँक, व्हॉट्सअ‍ॅप, ईमेल सगळं तिकडं न्यावं. जुन्या फोनमधलं काहीही पुसू नका, ते तिच्याच अंगावर येईल.

खानापूरकर
सिम उद्याच घेतो. शिक्षक घाबरलेत, त्यांनी काय करायचं?

मलप्रभाकाठ
त्यांचा वकील वेगळा ठेवा. 2022 च्या प्रकरणात तो तिसरा माणूस स्वतःच हायकोर्टात गेला होता. बेळगावचं प्रकरण धारवाड पीठाकडं जातं. पण त्याआधी अर्जावर आदेश झालाय की अजून व्हायचाय, ते वकिलांना विचारून इथं लिहा.