'स्यात्' म्हणजे 'कदाचित' नव्हे
कुणी म्हणतं की जैनांचा अनेकान्तवाद (प्रत्येक गोष्टीला अनेक बाजू असतात, हा विचार) म्हणजे 'सगळ्यांचंच खरं', त्याला ठाम मत असं नाहीच. मला हे अजिबात पटत नाही. स्याद्वाद ही त्याच विचाराची विधान मांडायची पद्धत; तिच्यातला 'स्यात्' म्हणजे 'कदाचित' नव्हे, 'एका अपेक्षेने', म्हणजे एका दृष्टीने पाहता. आमच्या रावेर-यावलकडे केळीचा घड हिरवाच कापतात. कापणाऱ्याच्या अपेक्षेने तो तयार, खाणाऱ्याच्या अपेक्षेने तयार नाही. दोन्ही विधानं पक्की खरी, फक्त नय, म्हणजे पाहण्याची बाजू, वेगळा. पण त्याच घडाला कुणी 'पिकलेला' म्हणालं तर ते खोटंच! एकाच गोष्टीबद्दल 'स्यात्' लावून सात तऱ्हांनी बोलायचं, ही सप्तभंगी; तिच्यातल्या सात विधानांपैकी मला सर्वांत जवळचं वाटतं ते 'अवक्तव्य': तयार आहे आणि नाही, हे दोन्ही एकाच दमात सांगणारा शब्द नाही, हे तिथे सरळ मान्य केलंय.