नागपूरहून जर्मनीला कुत्रा आणि मांजर न्यायचे आहेत. क्वारंटाइन टाळायला तारखा कशा लावायच्या?

त्रिमूर्तीनगरवाला
नमस्कार मंडळी. १ ऑक्टोबरला फ्रँकफर्टला रुजू व्हायचं आहे. बायको नोव्हेंबरात येणार. सोबत दोघं आहेत.
कुत्रा: देशी, ३ वर्षांचा, २२ किलो. रेबीजची लस दरवर्षी दिली आहे, शेवटची फेब्रुवारीत.
मांजर: २ वर्षांची, ४ किलो, घरातच असते. रेबीजची लस कधीच दिलेली नाही.
चिप दोघांनाही नाही. आज ४ जून. एका ठिकाणी विचारलं तर "पंधरा दिवसांत सगळे कागद करून देतो" असं सांगितलं. हे खरं आहे का? आणि नागपुरात काय होतं, मुंबईला काय करावं लागतं?

पशुवैद्य_धरमपेठ
पंधरा दिवसांत होत नाही, त्यामुळे तिथे पैसे देऊ नका. रेबीजच्या बाबतीत भारत युरोपियन युनियनच्या यादीबाहेरचा देश आहे. म्हणून नुसती लस पुरत नाही, लसीने रक्तात प्रतिपिंडं तयार झाली हे तपासून दाखवावं लागतं आणि नंतर थांबावं लागतं. कमीत कमी चार महिने धराच. तिथलं क्वारंटाइन टाळायचं तर तो काळ आपल्याच घरी काढायचा, हिशोब एवढाच आहे.

क्रम असा, आणि तो उलटापालटा झाला तर केलेलं सगळं वाया जातं:

आधी चिप. १५ अंकी, आयएसओ ११७८४ आणि ११७८५ प्रमाणातली. तांदळाच्या दाण्याएवढी, साधारण १२ मिलिमीटर लांब. मानेच्या डाव्या बाजूला किंवा दोन्ही खांद्यांच्या मधे कातडीखाली टोचतात. टोचण्याआधी पाकिटातच स्कॅन करून घ्या, टोचल्यावर पुन्हा स्कॅन करा. स्कॅनरच्या पडद्यावरच्या नंबरचा फोटो काढून ठेवा, पुढे प्रत्येक कागदावरचा नंबर त्याच फोटोशी ताडायचा.

मग लस. चिप आणि लस एकाच दिवशी चालते, पण चिप आधी. तुमच्या कुत्र्याची फेब्रुवारीची लस चिपच्या आधीची आहे, म्हणून कागदावर ती धरली जात नाही. पुन्हा द्यावी लागेल आणि तीच पहिली मानली जाईल. लस निष्क्रिय विषाणूची हवी. पुस्तिकेत बाटलीचं स्टिकर, बॅच नंबर, लसीची मुदत, डॉक्टरांचा नोंदणी क्रमांक आणि शिक्का हे सगळं एकाच ओळीत आलं पाहिजे.

मग रक्त. लसीनंतर किमान ३० दिवसांनी. २९व्या दिवशी घेतलेलं रक्त बाद होतं. तपासणीचं नाव एफएव्हीएन, निकाल ०.५ आययू प्रति मिली किंवा त्याहून जास्त हवा. तपासणारी लॅब युरोपियन युनियनने मान्य केलेलीच हवी. फ्रान्समधली नान्सीची आन्सेस, अमेरिकेतली कॅन्सस स्टेट युनिव्हर्सिटीची रेबीज लॅब या त्यात आहेत.

मग तीन महिने. हे तीन महिने रक्त काढल्याच्या तारखेपासून मोजतात, रिपोर्ट आल्याच्या तारखेपासून नाही.

तुमच्या तारखा: कुत्र्याला ८ जूनला चिप आणि लस, ८ जुलैला रक्त, ८ ऑक्टोबरपासून प्रवेश. त्याला दरवर्षी लस मिळालेली असल्यामुळे एका डोसावर आकडा बहुतेक चांगला येतो. मांजरीचं वेगळं आहे. जिला कधीच लस मिळाली नाही तिचा एका डोसावरचा आकडा ०.५च्या खाली राहू शकतो. तिला ८ जूनला पहिला डोस, २८ दिवसांनी ६ जुलैला दुसरा, त्यानंतर ३० दिवसांनी ५ ऑगस्टला रक्त. म्हणजे तिला ५ नोव्हेंबरपासून जाता येईल.

राईनकाठचा_वऱ्हाडी
डॉक्टरसाहेबांनी तारखा बरोबर लावल्या. पण यात एक अडचण लपली आहे, ती आत्ताच बघा. तुम्ही ऑक्टोबरच्या आधी जाल आणि जनावरं नोव्हेंबरात येतील, हे 'मालकासोबतचा प्रवास' या सवलतीत बसत नाही. मालक आणि प्राणी यांच्या प्रवासात जास्तीत जास्त ५ दिवसांचं अंतर चालतं, मग ते पुढे असो की मागे. त्यापलीकडे गेलं की ती व्यापारी वाहतूक धरतात. तिचं प्रमाणपत्र वेगळं आणि नियमही वेगळे.

सोपा मार्ग तुमच्याच घरात आहे. लसपुस्तिकेवर आजपासूनच मालक म्हणून वहिनींचं नाव टाका. चिपची नोंद, लॅबचा फॉर्म, प्रमाणपत्र, मालकाचं लेखी निवेदन, सगळीकडे तेच नाव, पासपोर्टवर आहे त्याच स्पेलिंगने. त्या नोव्हेंबरात दोघांना घेऊन निघतील आणि कुठेच अडणार नाही. अर्धे कागद तुमच्या नावाने आणि अर्धे त्यांच्या, असं मात्र करू नका.

जात लिहितानाही तेच. देशी कुत्रा असेल तर सगळीकडे एकच शब्द. अंदाजाने कुणी 'बुल टेरियर मिक्स' लिहून दिलं तर घोळ होईल, कारण पिटबुल टेरियर, अमेरिकन स्टॅफर्डशायर टेरियर, स्टॅफर्डशायर बुल टेरियर आणि बुल टेरियर या जाती आणि त्यांचे संकर जर्मनीत आणायला बंदी आहे.

त्रिमूर्तीनगरवाला
५ दिवसांचा नियम माहीतच नव्हता. बायकोच्या नावाने करतो. मग दोघांचं रक्त ५ ऑगस्टलाच एकत्र काढलं तर? कुरियरचा एक खेप खर्च वाचेल.

राईनकाठचा_वऱ्हाडी
चालेल. तसंही नोव्हेंबरच्या आधी कुणीच निघत नाही.

पशुवैद्य_धरमपेठ
नियमाने चालेल, पण मी कुत्र्याचं ८ जुलैलाच काढा म्हणेन. नमुना बाद झाला किंवा आकडा कमी आला तर पुन्हा लस, पुन्हा ३० दिवस, पुन्हा तीन महिने. जुलैत कळलं तर हिवाळ्यात तरी निघता येतं. कुरियरचे पैसे वाचवण्यापेक्षा हा महिना हाताशी असलेला बरा.

आणि नमुना बाद होतो तो बहुतेक रक्त काढण्याच्या टेबलावरच, म्हणून हे नीट वाचा.

प्राणी उपाशी हवा, आठेक तास. खाऊन आलेल्याचं सीरम (रक्त गोठल्यावर वर राहणारा द्रव) दुधाळ येतं. आधी चिप स्कॅन, मगच सुई. लाल झाकणाची साधी ट्यूब घ्यायची. जांभळ्या झाकणाची नको, तिच्यात रक्त गोठू न देणारं औषध असतं. कुत्र्याचं ५ मिली, मांजरीचं ३ मिली. बारीक सुईने जोरात ओढलं किंवा ट्यूब हलवली की तांबड्या पेशी फुटतात. ट्यूब अर्धा ते एक तास उभी ठेवायची, गुठळी खाली बसली की सेंट्रिफ्यूजमध्ये फिरवायची. वर जे येतं ते वाळल्या गवताच्या रंगाचं, स्वच्छ पिवळसर दिसलं पाहिजे. गुलाबी दिसलं तर पाठवू नका, तिथेच दुसरं काढा. लॅबला हे सीरम जातं, अख्खं रक्त नाही. १ ते २ मिली सीरम वेगळ्या नळीत, झाकण पॅराफिल्मने बंद.

नळीवर १५ अंकी चिप नंबर, रक्ताची तारीख, प्राण्याचं नाव. जेलच्या पिशव्यांमुळे नळीला पाणी सुटतं आणि साध्या पेनाची शाई फुटते, म्हणून लेबलवर पारदर्शक टेप फिरवा. फॉर्मवरचा चिप नंबर दोघांनी मिळून वाचा, एकाने फोटोवरून, दुसऱ्याने फॉर्मवरून, तीन-तीन अंक करत. एक अंक चुकला तर तो रिपोर्ट तुमच्या जनावराचा राहत नाही.

रिपोर्ट एकदा पास झाला की पुढची लस प्रत्येक वेळी मुदतीच्या आत देत राहिलात तर तो आयुष्यभर चालतो. एका दिवसाचाही खंड पडला की पुन्हा पहिल्यापासून.

मिहानवाली
माझी बहीण याच काळात अमेरिकेला जाऊन राहिली आहे, तिचा पग आहे. तिलाही हेच नियम का? आणि ऑस्ट्रेलियाचं कुणी सांगेल का?

राईनकाठचा_वऱ्हाडी
ताई, अमेरिकेचं वेगळं आहे. १ ऑगस्ट २०२४ पासून तिथे कुत्रा किमान ६ महिन्यांचा हवा, चिप हवी आणि सीडीसीचा, म्हणजे तिथल्या सरकारी आरोग्य संस्थेचा, डॉग इम्पोर्ट फॉर्म भरलेला हवा. कुत्र्यांच्या रेबीजसाठी भारत त्यांच्या जास्त धोक्याच्या यादीत आहे. म्हणून लस आणि चिपचं प्रमाणपत्र सरकारी पशुवैद्याच्या सहीने लागतं. सीडीसीने मान्य केलेल्या लॅबचा रक्ताचा रिपोर्ट लागतो. रक्त पहिल्या लसीनंतर किमान ३० दिवसांनी आणि पोचण्याआधी किमान २८ दिवस काढलेलं हवं. शिवाय सीडीसीकडे नोंद असलेल्या प्राणी केंद्रात आधीच जागा राखावी लागते, तिथे तपासणी होऊन पुन्हा लस देतात. ज्या विमानतळावर असं केंद्र आहे तिथेच उतरता येतं, उदाहरणार्थ न्यूयॉर्कचं जेएफके, अटलांटा, लॉस एंजेलिस. रक्ताचा रिपोर्ट नसेल तर २८ दिवसांचं क्वारंटाइन, स्वतःच्या खर्चाने.

ऑस्ट्रेलियात भारतातून थेट नेताच येत नाही. आधी त्यांच्या मान्य यादीतल्या देशात नेऊन तिथून प्रक्रिया करावी लागते, आणि मेलबर्नजवळच्या मिकलहॅम केंद्रातलं क्वारंटाइन चुकत नाही. जपानचा क्रम साधारण युरोपसारखा, पण लसी दोन आणि रक्तानंतर १८० दिवस थांबायचं. पोचण्याच्या ४० दिवस आधी त्यांना कळवावंही लागतं. ब्रिटनला लस, रक्त, तीन महिने हेच. त्याशिवाय कुत्र्याला पोचण्याच्या २४ ते १२० तास आधी प्राझिक्वांटेलची पट्टकृमीची गोळी डॉक्टरांच्या नोंदीसह. आणि विमानाने ब्रिटनमध्ये फक्त कार्गोने, केबिनमधून नाही.

कार्गो_डेस्क
पगबद्दल आधी: चपट्या नाकाच्या कुत्र्या-मांजरांना बऱ्याच विमान कंपन्या सामानकक्षात घेत नाहीत. गरम झाल्यावर त्यांना धापून अंग थंड करता येत नाही, श्वास कोंडतो. तिकीट काढण्याआधी कंपनीकडून लेखी होकार घ्या.

त्रिमूर्तीनगरवाले भाऊ, तुमची मांजर केबिनमध्ये जाऊ शकते. लुफ्तान्सात पिशवी धरून ८ किलोपर्यंत चालतं. कुत्रा खाली सामानकक्षात, पिंजऱ्यात. पिंजऱ्याचं माप दुकानदाराच्या 'लार्ज', 'एक्स्ट्रा लार्ज'वर घेऊ नका, आयाटाच्या (विमान कंपन्यांची जागतिक संघटना) नियमाने काढा. कुत्रा सरळ उभा करून चार मापं घ्या. नाकापासून शेपटीच्या मुळापर्यंत, जमिनीपासून कोपरापर्यंत, खांद्यांची रुंदी, आणि जमिनीपासून डोक्याच्या किंवा उभ्या कानांच्या टोकापर्यंत. पहिल्यात दुसऱ्याचं अर्ध मिळवलं की लांबी. रुंदीची दुप्पट ती रुंदी. चौथ्यात अंथरुणाची जाडी मिळवली की उंची. समजा मापं ६८, ३४, १९ आणि ५८ सेंमी आली, तर पिंजरा आतून किमान ८५ लांब, ३८ रुंद, आणि उंची ५८ अधिक गादी. देशी कुत्र्याचे कान उभे असतात, लोक डोक्यापर्यंतच मोजतात आणि काउंटरवर पिंजरा बुटका ठरतो.

दोन्ही अर्धे भाग प्लास्टिकच्या क्लिपांनी नाही, धातूच्या नट-बोल्टने जोडलेले हवेत. दार लोखंडी जाळीचं. हवेची भोकं चारही बाजूंना. पाण्याची आणि खाण्याची वाटी दाराला आतून अडकवलेली, पण बाहेरून भरता येईल अशी. चाकं असतील तर काढा. आत शोषून घेणारं अंथरूण. गुंगीचं औषध देऊ नका. त्याने रक्तदाब उतरतो, तोल जातो, आणि गुंगीतला प्राणी कंपन्या घेतही नाहीत. त्यापेक्षा पिंजरा ऑगस्टमध्येच आणून दार उघडं ठेवून घरात ठेवा, जेवण त्यातच द्या. पुढच्या तीन महिन्यांत तो त्याची झोपायची जागा व्हायला हवा.

त्रिमूर्तीनगरवाला
मनापासून आभार. मुंबईचं काय? सोनेगावहून, म्हणजे नागपूरच्याच विमानतळावरून, थेट न्यायचा विचार होता.

कार्गो_डेस्क
परदेशी जाणाऱ्या प्राण्याची तपासणी आणि आरोग्य प्रमाणपत्र केंद्र सरकारची एक्यूसीएस ही यंत्रणा देते. तिची केंद्रं मुंबई, दिल्ली, कोलकाता, चेन्नई, हैदराबाद आणि बंगळुरूला आहेत, नागपुरात नाही. म्हणून मुंबईहून थेट फ्रँकफर्ट हेच सरळ. मधे आखातात विमान बदलायचं तर पिंजरा तिथल्या उन्हात किती वेळ राहील ते आपल्या हातात नसतं.

मुंबईपर्यंत गाडीने समृद्धीवरून जा, ७०१ किलोमीटर आहे. दर अडीच-तीन तासांनी थांबून पाणी, आणि पट्टा न सोडता फिरवणं. रेल्वेने जायचं तर फर्स्ट एसीचा पूर्ण कूपे लागतो, आणि तो मिळेल की नाही हे चार्ट लागेपर्यंत कळत नाही. ब्रेक व्हॅनमधली कुत्र्याची पेटी मात्र नकोच.

राईनकाठचा_वऱ्हाडी
प्रमाणपत्राबद्दल: सरकारी पशुवैद्याच्या सहीपासून १० दिवसांच्या आत युरोपात पोचायला हवं. म्हणून सही उड्डाणाच्या दोन-तीन दिवस आधीची घ्या. शनिवार-रविवार आणि सरकारी सुट्ट्या बघून तिकीट काढा. नमुना 'अव्यापारी' प्रकारचा, जर्मन आणि इंग्रजी दोन्ही भाषांतला. सहीची शाई छपाईच्या रंगापेक्षा वेगळी हवी, निळी घेतली की प्रश्न नाही. सोबत पासपोर्ट, व्हिसा, तिकीट, लसपुस्तिका, लॅबचा मूळ रिपोर्ट. सगळ्यांच्या दोन-दोन प्रती. एक संच हातात, एक प्लास्टिकच्या पाकिटात पिंजऱ्यावर.

फ्रँकफर्टला उतरल्यावर कस्टमच्या हिरव्या नाही, लाल मार्गाने जायचं आणि प्राणी आहेत हे आपणहून सांगायचं. तिथे चिप स्कॅन करतात आणि कागद बघतात. नंतर राहत्या शहरात कुत्र्याचा कर भरायचा असतो, आणि चिप टासोकडे (हरवलेली जनावरं शोधायला मदत करणारी तिथली नोंदणी संस्था) नोंदवून ठेवा, फुकट आहे.

त्रिमूर्तीनगरवाला
८ जूनची वेळ घेतली, दोघांची. चिप १५ अंकी आयएसओ आहे का ते फोनवरच विचारून घेतलं.

पशुवैद्य_धरमपेठ
छान. टोचून झालं की पुस्तिकेचं ते पान आणि स्कॅनरच्या पडद्याचा फोटो शेजारी ठेवून बघा. चिपची तारीख पुस्तिकेत लिहायची राहून जाते. ती तिथल्या तिथे लिहून शिक्का मारून घ्या, नंतर लिहिलेली तारीख कुणी मानत नाही.