शाडूची माणसं वाळताना घोट्यात तुटतात (कंबोडियावरचं प्रदर्शन)

केतकी_कोथरूड
कॉलेजच्या मुलांबरोबर डिसेंबरात कंबोडियातल्या नरसंहारावर छोटं प्रदर्शन करतोय. आधार कंबोडियन दिग्दर्शक रिथी पान्ह यांच्या २०१३ च्या 'द मिसिंग पिक्चर' या चित्रपटाचा. ख्मेर रूज या कम्युनिस्ट गटाच्या राजवटीत (१९७५-७९) त्यांचं जवळपास सगळं घर गेलं. त्या दिवसांचे फोटो नाहीत, म्हणून त्यांनी ते मातीच्या माणसांतून उभे केले. आम्ही शाडूची चार इंची माणसं करतोय, भाजणार नाही. आत तार आहे, तरी घोट्यात तुटतात. रंग लावताना मातीही निघते. आणि छळाचे प्रसंग दाखवावेत का?

शाडू_कसबापेठ
ताई, तारेमुळेच तुटतात. माती वाळताना आक्रसते, तार आक्रसत नाही, मग सगळ्यात बारीक जागी तडा जातो. तार काढा. दोन पाय सुटे करू नका, खाली मातीचा जाड तळ ठेवून त्यातूनच पाय कोरा.

किलोभर शाडूला साधारण ३०० मिली पाणी, थोडं थोडं घालत. मळून रात्रभर ओल्या फडक्यात ठेवा. कागदाचा लगदा पिळून, मातीच्या पाव भागाइतका मिसळा. लगद्याची माती तीन-चार दिवसांत वास मारते, लागेल तेवढीच कालवा. डिसेंबरात हवा कोरडी असते, पंख्याखाली अजिबात नको. वर्तमानपत्र झाकून सावलीत पाच-सहा दिवस.

रंगाआधी फेव्हिकॉल एक भाग, पाणी चार भाग, असा एक हात मऊ ब्रशने द्या. तो पूर्ण वाळू द्या.

रेषा_आणि_रंग
उपासमार दाखवायची तर एकच माणूस तीनदा घडवा, तेच खरवडून बारीक करू नका. हात अंगाला चिकटलेलेच ठेवा. बरगड्या माती अर्धवट सुकल्यावर सुईने ओढा: नखाचा ओरखडा उठतो पण माती दबत नाही, तेव्हा. आधी ओढल्या तर कडा फुगतात, नंतर ओढल्या तर टवके उडतात.

सगळ्यांना काळे कपडे सक्तीचे होते, पण सपाट काळ्यात घड्या हरवतात. काळ्यात किंचित निळा घाला, उंचवट्यांवरून कोरडा करडा ब्रश फिरवा. चित्रपटातला मुलगा काळ्या घोळक्यात ठिपक्यांच्या रंगीत शर्टात आहे, तिथेच नजर जाते. तुमच्याही गर्दीत रंग एकाच अंगावर ठेवा.

नोंदवही
छळाबद्दल. चित्रकार वान्न नाथ यांनी तो रंगवला, कारण ते ख्मेर रूजच्या एस-२१ (तुओल स्लेंग) तुरुंगात होते. ख्मेर रूजचा प्रमुख पोल पॉट याची चित्रं काढून घ्यायची म्हणून त्यांना जिवंत ठेवलं. नंतर त्यांनी स्वतः पाहिलेलं आणि सोबतच्या कैद्यांकडून ऐकलेलं चित्रांत उतरवलं. २००९ मध्ये तुरुंगप्रमुख दुचच्या खटल्यात साक्षही दिली. तो अधिकार त्यांचा. आपण तो घेऊ नये, असं माझं ठाम मत आहे. मुलांना पातळ पेजेची रांग, सामुदायिक भोजनगृह, बांध घालणारी माणसं, १७ एप्रिल १९७५ पासून रिकामं केलेलं राजधानीचं शहर नॉम पेन्ह करू द्या. तुओल स्लेंगच्या कैद्यांच्या फोटोंवरून चेहरे घेऊ नका, त्यांचे नातेवाईक आजही आहेत.

केतकी_कोथरूड
तार आजच काढते. छळाचे प्रसंगही वगळतोय. भिंतीवर याच माणसांचे मोठे फोटो लावायचेत, ते कसे काढू?

रेषा_आणि_रंग
वरून काढलेत तर खेळणी दिसतील. कॅमेरा टेबलाला टेकवा, लेन्स त्यांच्या डोळ्यांच्या उंचीवर. दिवा एकच, बाजूने, पुढे ट्रेसिंग पेपर. मोबाईल असेल तर फूटभर मागे जाऊन दुप्पट झूम करा, अगदी जवळ नेला की चेहरा फुगतो.