१८५७ ची एनफिल्ड आणि अमेरिकेच्या यादवी युद्धातील एनफिल्ड एकच का? आणि रिव्हॉल्वर नक्की किती चालले?

कृष्णाकाठ (प्रश्न)

१८५७ च्या उठावाविषयी वाचताना एनफिल्ड रायफल आपल्या सर्वांच्या ओळखीची होते. चरबी लावलेली काडतुसे आणि ती दाताने तोडण्याची सक्ती हा भाग तर शाळेपासून पाठ असतो. अलीकडे मी अमेरिकेच्या यादवी युद्धावर (१८६१ ते १८६५) वाचू लागलो, तर तेथेही पानोपानी एनफिल्डच भेटू लागली, आणि तीही उत्तर आणि दक्षिण या दोन्ही बाजूंच्या हातांत. ही तीच बंदूक का? असल्यास तेथील सैनिकही काडतूस दातानेच तोडत होते का?

दुसरी शंका अशी की १८६१ पर्यंत सहा बारांचे कोल्ट रिव्हॉल्वर सर्रास विकले जात होते आणि एकामागून एक गोळ्या झाडणाऱ्या रायफलींची पेटंटेही निघाली होती. तरीही लाखो पायदळ सैनिक ठासणीच्या बंदुका घेऊन का लढले? सेनाधिकारी जुनाट विचारांचे होते म्हणून, असा माझा आजवरचा समज आहे. आणि जर ठासणीचीच बंदूक खरी होती, तर त्या काळच्या छायाचित्रांत विशीतील पोरे कमरेला दोन-दोन रिव्हॉल्वर खोचून कशी उभी आहेत? जाणकारांनी सविस्तर लिहावे, ही विनंती.

शिलेदार

बंदूक तीच. इंग्रजांचा १८५३ चा नमुना, ३९ इंच लांबीची आणि ०.५७७ इंच व्यासाची नळी, आणि नळीच्या आत गोळीला फिरकी देणाऱ्या पिळाच्या खाचा. फरक इतकाच की अमेरिकेत गेलेल्या बहुतेक एनफिल्ड सरकारी कारखान्यातील नव्हत्या, तर बर्मिंगहॅम आणि लंडन येथील खासगी कारागिरांनी बनवलेल्या होत्या. त्यामुळे एका बंदुकीचा मोडलेला सुटा भाग दुसरीला चपखल बसेल, याची खात्री नसे. उत्तरेच्या सरकारची स्वतःची स्प्रिंगफिल्ड (१८६१ चा नमुना, व्यास ०.५८ इंच) मात्र यंत्रावर अशा मापाने घडवलेली होती की एकीचा घोडा (चाप ओढताच आपटणारा हातोडीसारखा भाग) काढून दुसरीला लावावा. दोन्हींच्या व्यासांतील फरक इतका किरकोळ होता की जरा कमी जाडीची गोळी ओतली म्हणजे ती दोन्हींत चाले, आणि दोन्ही सैन्यांनी याचा पुरेपूर फायदा घेतला.

काडतूस दातानेच तोडले जाई. पुढचे दात नसलेला मनुष्य पायदळाला नालायक ठरे, इतके ते आवश्यक होते. पण एक बारकावा लक्षात घेण्याजोगा आहे. इंग्रजी काडतुसात गोळी कागदात गुंडाळलेलीच नळीत जात असे, म्हणून वंगण कागदाच्या बाहेरून लावलेले असे, आणि वाद पेटला तो याच वंगणावरून. अमेरिकी काडतुसात कागदाचे काम दारू आणि गोळी एकत्र ठेवण्यापुरतेच होते. सैनिक शेपटाकडून कागद फाडी, दारू नळीत ओती आणि गोळी कागदातून सोडवून नुसतीच नळीत घाली. वंगण गोळीवरच्या खाचांत भरलेले असे, मेण आणि चरबी यांचे. ही चरबी कोणत्या जनावराची, हा प्रश्न ओहायोच्या किंवा जॉर्जियाच्या शेतकऱ्याच्या मनात येण्याचे कारणच नव्हते.

आता ही बंदूक एवढी पसरली कशाने, तर गोळीने. फ्रान्सच्या मिनिए नावाच्या अधिकाऱ्याने बुडाशी पोकळ असलेली लांबट गोळी काढली आणि अमेरिकेतील हार्पर्स फेरीच्या शस्त्रागारातील जेम्स बर्टन याने ती आणखी सोपी केली. ही गोळी नळीपेक्षा किंचित बारीक असल्यामुळे गजाने (ठासण्याच्या लांब सळईने) सहज खाली जाते. दारू पेटताच तिचे पोकळ बूड फुगते आणि खाचांत घट्ट बसते. त्यापूर्वी पिळाच्या नळीत गोळी अक्षरशः ठोकून बसवावी लागत असे, म्हणून रायफल हे मोजक्या नेमबाजांचे हत्यार होते. ती १८५५ मध्ये सर्व पायदळाला देण्याचा निर्णय ज्या युद्धमंत्र्याने घेतला, तो जेफर्सन डेव्हिस पुढे फुटून निघालेल्या दक्षिणेचा अध्यक्ष झाला.

कवायतीच्या पुस्तकात बार भरण्याचे नऊ हुकूम होते. काडतूस काढणे, फाडणे, दारू ओतणे, गोळी घालणे, गज उपसणे, ठासणे, गज परत जागी ठेवणे, निप्पलवर (नळीच्या मागील पोकळ बोंडावर) तांब्याची टोपी बसवणे आणि खांद्याला लावणे, असा साधारण क्रम असे. दिवाळीतील टिकली डोळ्यांसमोर आणावी, ही टोपी तिचीच थोरली बहीण. सरावलेला सैनिक मिनिटाला दोन, फार तर तीन बार काढी.

दूरदेशी

शिलेदार यांचा प्रतिसाद उत्तम आहे, त्यात भर घालतो. मी गेली काही वर्षे पेनसिल्व्हेनियात राहतो आणि गेटिसबर्ग येथे तीन-चार वेळा जाऊन आलो आहे. जुलै १८६३ च्या त्या लढाईनंतर रणभूमीवरून २७,५७४ बंदुका गोळा झाल्याची नोंद आहे. त्यांतील सुमारे २४,००० भरलेल्या होत्या, सुमारे १२,००० मध्ये दोन बार होते, सुमारे ६,००० मध्ये तीन ते दहा बार एकावर एक ठासलेले होते, आणि एका बंदुकीत तर तेवीस निघाले. शेजारच्या शंभर बंदुकांच्या कडकडाटात आपली उडाली की नाही, हेच कित्येकांना कळत नसे. टोपी बसवायचे विसरलेला सैनिक चाप ओढी, उडाली असे समजून पुन्हा ठाशी आणि पुढच्या वेळी टोपी लावूनही ती उडवण्याचे धाडस न केलेलेच बरे.

आता रिव्हॉल्वरविषयी. येथील एका क्लबमध्ये मला १८६० च्या कोल्ट आर्मीची प्रतिकृती झाडायला मिळाली. ०.४४ इंच व्यास, आठ इंच नळी, आणि हातात घेताच मनगटाला जाणवणारे सव्वा किलोच्या आसपासचे वजन. चक्रातील सहा घरांत प्रत्येकी दारू ओतायची, शिशाची गोळी ठेवून नळीखालच्या तरफेने दाबायची, तोंडावर जाडसर वंगणाचा लेप द्यायचा आणि मग मागील सहा निप्पलांवर सहा टोप्या बसवायच्या. मला, म्हणजे एका निवांत नवशिक्याला, या सगळ्याला पाच मिनिटे लागली. तो लेप विसरू नका, असे तेथील प्रशिक्षकाने तीनदा बजावले, कारण एका घराची ठिणगी शेजारच्या घरात शिरली तर दोन-तीन बार एकदम उडतात. हा भडका चक्राच्या पुढून शिरतो की सैल टोप्यांमुळे मागून, यावर येथील हौशी मंडळी अजूनही तावातावाने भांडतात.

सैन्यात कागदी काडतुसे तयार मिळत, त्यामुळे त्यांचा वेळ माझ्यापेक्षा पुष्कळ वाचत असणार, पण घोड्यावर बसून, मोजे घातलेल्या हातांनी वाटाण्याएवढ्या टोप्या बसवणे ही कल्पनाच पुरे आहे. तिसऱ्या बारानंतर फुटलेल्या टोपीचा कपटा यंत्रात पडून माझे चक्र अडकले. तेव्हा प्रशिक्षकाने घोडा चढवताना नळी आभाळाकडे करायला शिकवली, म्हणजे कपटा मागे गळून पडतो. आणखी एक गंमत अशी की या कोल्टची मागची निशाणी म्हणजे घोड्याच्याच माथ्यावर कोरलेली खाच. घोडा पडला की निशाणी गेली. पंचवीस पावलांवर माझ्या गोळ्या ठरलेल्या जागेच्या वीतभर वर लागत होत्या.

सारांश, पायदळाला याचा उपयोग फारसा नव्हता. पगार महिना १३ डॉलर, चालायचे मैलोन्मैल, पाठीवर पडशी आणि खांद्यावर चार किलोची बंदूक, अशा स्थितीत घरून हौसेने आणलेली रिव्हॉल्वरे पहिल्या काही महिन्यांतच विकली, परत पाठवली किंवा चक्क फेकून दिली गेली.

मोडीवाचक

छायाचित्रांपुरते थोडक्यात लिहितो. भरती झाल्यावर घरी पाठवण्यासाठी तसबीर काढून घेण्याची तेव्हा पद्धत होती, आणि छायाचित्रकाराकडे रिव्हॉल्वर, सुरे व तलवारी तयार ठेवलेल्या असत. आपल्याकडे जत्रेतील फोटोवाल्याकडे मोटारसायकल असते, तसाच हा प्रकार. शिवाय काचेवरील व पत्र्यावरील त्या तसबिरी आरशासारख्या उलट्या उमटत, म्हणून पट्ट्याच्या बकलावरील अक्षरेही उलटी दिसतात. डाव्या कमरेला रिव्हॉल्वर दिसले की सैनिक डावखुरा होता, असे लिहिणाऱ्यांनी आधी बकल वाचावे.

शिलेदार

दूरदेशी, गेटिसबर्गच्या आकड्यांबाबत एक दुरुस्ती सुचवतो. भरलेली बंदूक म्हणजे गोंधळलेला सैनिक असे सरसकट म्हणता येणार नाही, कारण बार भरून चाप ओढण्याआधी जो पडला त्याची बंदूकही भरलेलीच सापडणार. तीन आणि त्याहून अधिक बारांच्या बंदुकांबद्दल मात्र तुमचे म्हणणे मान्य.

दूरदेशी

मान्य आहे, दुरुस्ती योग्य.

तोफखाना

मूळ प्रश्नातील "अधिकारी जुनाट होते" या समजाकडे येतो. उत्तरेच्या दारूगोळा विभागाचे प्रमुख जेम्स रिप्ली यांच्यावर हा ठपका नेहमी येतो, आणि सप्टेंबर १८६३ मध्ये त्यांना पदावरून जावे लागले, हेही खरे. पण मला त्यांची बाजू अगदीच पोकळ वाटत नाही. १८६१ मध्ये त्यांच्यापुढे लाखो माणसे रिकाम्या हातांनी उभी होती आणि गोदामांत युरोपातून घाईने घेतलेल्या नाना मापांच्या बंदुका येऊन पडत होत्या. वीस डॉलरच्या आसपास मिळणारी आणि जाणत्या कारखान्यांत निघणारी स्प्रिंगफिल्ड सोडून नव्या यंत्रांच्या मागे लागणे त्यांना परवडणारे नव्हते. स्प्रिंगफिल्डच्या शस्त्रागाराने पुढे १८६४ या एका वर्षात पावणेतीन लाखांहून अधिक बंदुका काढल्या, हा वेग एकामागून एक बार काढणाऱ्या कोणत्याही रायफलीला त्या काळी गाठता आला नाही.

माझ्या मते खरा अडसर बंदुकीत नव्हता, काडतुसात होता. कोल्ट असो वा एनफिल्ड, कागदात दारू, वर सुटी गोळी आणि वेगळी टोपी, हे सगळे हातांनी जुळवावे लागे. स्पेन्सर रायफलीत गोळी, दारू आणि ठिणगी ही तिन्ही एकाच तांब्याच्या नळकांड्यात बंद होती. अशी सात काडतुसे दस्त्यातील नळीत राहत, चापाखालचा दांडा खाली-वर केला की रिकामे नळकांडे बाहेर आणि नवे आत, फक्त घोडा अंगठ्याने वेगळा चढवावा लागे. २४ जून १८६३ रोजी टेनेसीतील हूवर्स गॅप येथे उत्तरेच्या वाइल्डर यांच्या ब्रिगेडने या रायफलींनी शत्रूला रोखून धरले. त्या घेण्यासाठी त्यांच्या सैनिकांनी स्वतःच्या पगारातून पैसे देण्याची तयारी दाखवली होती, खर्च पुढे सरकारने उचलला. ऑगस्ट १८६३ मध्ये लिंकन यांनी स्पेन्सर स्वतः झाडून पाहिली. युद्ध संपेपर्यंत सरकारने ९४ हजारांहून अधिक स्पेन्सर कार्बाइन (आखूड नळीच्या बंदुका) घेतल्या, पण बहुतेक घोडदळासाठी. सोळा गोळ्यांची हेन्री रायफल त्याहून वेगवान, पण किंमत चाळीस डॉलरच्या घरात, म्हणजे शिपायाचा तीन महिन्यांचा पगार. ती बहुधा ज्याने त्याने पदरमोड करून घेतली.

दक्षिणेची अवस्था पाहिली तर मुद्दा अधिक पटेल. स्पेन्सर त्यांच्या हाती लढाईत लागत, पण तिची तांब्याची काडतुसे त्यांना बनवता येत नव्हती. साध्या टोप्यांसाठीच तांबे मिळेना, तेव्हा नॉर्थ कॅरोलायनातील मद्याच्या भट्ट्यांची तांब्याची भांडी कामी आणावी लागली! रिव्हॉल्वरचेही तेच. जॉर्जियातील ग्रिसवोल्डव्हिल येथे पोलादाअभावी पितळी चौकटीची, ०.३६ इंचाची कोल्टची नक्कल तयार होत असे. कामगार बहुतांश गुलाम होते आणि एकूण निर्मिती झाली ती सुमारे ३,६००. उत्तरेच्या सरकारने १८६० च्या नमुन्याची एकटी कोल्टच सव्वा लाखांहून अधिक घेतली, आणि वरून रेमिंग्टन कंपनीची रिव्हॉल्वरे.

रेमिंग्टनबद्दल एवढेच, की तिच्या चक्रावरून धातूची पट्टी जाते, त्यामुळे चौकट अखंड आणि अधिक मजबूत. तिला सगळे "१८५८ ची" म्हणतात, ते नळीवरील पेटंटाच्या तारखेमुळे, प्रत्यक्षात ती मोठ्या संख्येने निघाली युद्ध सुरू झाल्यावर.

कृष्णाकाठ

सर्वांचे मनःपूर्वक आभार. मग रिव्हॉल्वर खऱ्या अर्थाने लढले ते कोणाच्या हातात? आणि १८५७ नंतर आपल्याकडील पलटणींना एनफिल्ड मिळत राहिली का, हेही कोणी सांगावे.

तोफखाना

घोडेस्वारांच्या हातात. व्हर्जिनियातील, दक्षिणेकडून लढणाऱ्या मॉस्बी यांच्या छापामार टोळीने तलवारी जवळजवळ सोडूनच दिल्या होत्या. प्रत्येकाजवळ दोन कोल्ट आर्मी, म्हणजे पुन्हा न भरता बारा बार, आणि रात्रीच्या छाप्यात अंतर दहा-पंधरा पावलांचे. तेथे निशाणी वीतभर वर असली तरी बिघडत नाही. दक्षिणेचे घोडदळ सेनापती स्टुअर्ट यांच्याजवळ लमॅट होते, नऊ गोळ्यांचे चक्र आणि त्याच्या मधोमध छर्‍यांची आणखी एक नळी असलेले अजब हत्यार. ११ मे १८६४ रोजी यलो टॅव्हर्न येथे ते प्राणांतिक जखमी झाले, तेही उत्तरेच्या एका पायउतार झालेल्या घोडेस्वाराच्या रिव्हॉल्वरच्या गोळीने.

शिलेदार

दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर माझ्याकडे आहे. उठावानंतर इंग्रजांनी हिंदी पलटणींसाठी १८५९ चा वेगळा नमुना काढला. तो लांबून पाहिला तर एनफिल्डच, तीच लाकडी बैठक, तोच टोपीचा घोडा, तीच संगीन. पण नळी आतून गुळगुळीत आणि व्यासाने मोठी, खाचा मुळी नाहीतच. म्हणजे १८६१ मध्ये अमेरिकेतील शेतकऱ्याच्या पोराच्या हातात पिळाची नळी पडत होती, त्याच सुमारास आपल्याकडील शिपायाच्या हातातून ती काढून घेतली जात होती. संग्रहालयात असा नग दिसल्यास परवानगी घेऊन नळीच्या तोंडात विजेरी मारून पाहावे. खाचा दिसल्या नाहीत तर तो बहुधा यांतलाच.