'आइस'आधी 'द' का नाही?

इंग्रजीत अमेरिकेच्या एफबीआयला 'द एफबीआय' म्हणतात, मग तिथल्या 'आइस' (ICE) या इमिग्रेशन यंत्रणेला 'द आइस' का नाही, असा प्रश्न पडतो. सगळा खेळ उच्चाराचा. एफबीआय, सीआयए, डीईए (अमली पदार्थविरोधी यंत्रणा) यांची अक्षरं सुटी उच्चारतात, तिथे 'द' येतो. इमिग्रेशन अँड कस्टम्स एन्फोर्समेंटचं लघुरूप सलग 'आइस' असं म्हणतात, त्यामुळे ते नासा, इंटरपोलसारखं विशेषनामच होऊन बसलं. गंमत म्हणजे २००३ पूर्वी यातलं इमिग्रेशनचं काम पाहणाऱ्या आयएनएस (इमिग्रेशन अँड नॅचरलायझेशन सर्व्हिस) या यंत्रणेला 'द' लागायचा! पुढे तिचं काम वेगवेगळ्या यंत्रणांत वाटलं गेलं, त्यातून आइस आली आणि 'द' गळाला.

'ॲन एफबीआय एजंट' मधला 'ॲन' मात्र वेगळ्या कारणाने. 'एफ' हे व्यंजन खरं, पण उच्चार 'ए'पासून सुरू होतो. आपल्याकडचे इंग्रजी पेपरही हमखास 'द सीबीआय' लिहितात, बघा.